गणितात मुलींची आणि वंचित घटकांतील विद्यार्थ्यांची बाजू घ्यायची म्हणजे प्राध्यापकाने नेमके काय करायचे?

त्रिज्या (प्रश्न):
नमस्कार. मी मराठवाड्यातील तालुक्याच्या एका महाविद्यालयात गणित शिकवते. आमच्या बी.एस्सी.च्या वर्गात मुली निम्म्याहून अधिक आहेत. देशभरातही चित्र वेगळे नाही. अखिल भारतीय उच्च शिक्षण सर्वेक्षणाच्या २०२१-२२ च्या अहवालानुसार विज्ञान शाखेतील ५७.२ लाख विद्यार्थ्यांत मुली मुलांपेक्षा जास्त होत्या. तरीही आमच्याकडील फार थोड्या मुली एम.एस्सी.ला जातात. दरवर्षी ११ फेब्रुवारीला, विज्ञानातील महिला व मुलींच्या आंतरराष्ट्रीय दिनी, आम्ही जीवरसायनशास्त्रज्ञ कमला सोहोनी यांच्यावर व्याख्यान ठेवतो, मुली टाळ्या वाजवतात आणि उन्हाळ्यात लग्नपत्रिका घेऊन येतात. दलित, आदिवासी व मुस्लीम विद्यार्थ्यांची गळती तर त्याही आधी सुरू होते. व्याख्यानापलीकडे विभागाने काय करावे?

अवकलन:
व्याख्यान अवश्य ठेवा, पण त्यात काय सांगितले जाते ते तपासा. १९३३ साली मुंबई विद्यापीठाची पदवी हाती असूनही बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत संचालक सी. व्ही. रामन यांनी कमलाबाईंना केवळ स्त्री म्हणून नाकारले, आणि पुढे प्रवेश दिला तोही वर्षभर काम पारखून घेण्याच्या अटीवर. आपण ही गोष्ट त्यांच्या जिद्दीची म्हणून सांगतो आणि ती अट घालणाऱ्या व्यवस्थेविषयी गप्प राहतो. मग दार उघडण्याची जबाबदारी पुन्हा समोर बसलेल्या मुलीवरच येऊन पडते.

तुमच्या हाती दोन गोष्टी आहेत. एम.एस्सी. प्रवेशासाठीच्या आयआयटीच्या 'जॅम' परीक्षेची माहिती दुसऱ्या वर्षीच द्या. तिथे मुलींना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या विद्यार्थ्यांना शुल्क निम्मे असते, हे अनेक घरांत कळतच नाही. दुसरे म्हणजे १९९३ पासून चालणारे एमटीटीएस हे उन्हाळी गणित शिबिर. तिथे जाऊन आलेल्या मुलीला आपल्यासारखे वेड असलेली इतर मुले-मुली भेटतात, आणि पालकांशी बोलताना तिच्याकडे सांगण्यासारखे काहीतरी असते.

पाटीपेन्सिल:
वरील प्रतिसाद उपयुक्त आहे, परंतु त्यात जात शुल्कापुरतीच आली. केंद्रीय शिक्षण संस्थांतील अध्यापक पदांच्या आरक्षणाचा २०१९ चा कायदा अनुसूचीतील 'उत्कृष्टता' संस्थांना लागू होत नाही, आणि त्या अनुसूचीत गणिताचे नामवंत केंद्र असलेली मुंबईची टाटा मूलभूत संशोधन संस्थाही आहे. अल्पसंख्याकांसाठीची मौलाना आझाद अधिछात्रवृत्ती २०२२-२३ पासून बंद झाली, त्यामुळे पीएच.डी. करू पाहणाऱ्या मुस्लीम मुलीचा एक आधार गेला. या धोरणांवर प्राध्यापक संघटनांनी लेखी भूमिका घेतली पाहिजे, असे माझे स्पष्ट मत आहे.

विभागापुरते सांगायचे तर बार्टी, सारथी, महाज्योती या राज्य शासनाच्या संस्थांच्या शिष्यवृत्तीच्या जाहिराती फलकावर लावा आणि जात वैधता प्रमाणपत्राची प्रक्रिया प्रवेशाच्या तोंडावर नव्हे, तर आधीच सुरू करायला लावा. आमच्याकडे हुशार मुले कागदांअभावी अडकलेली मी पाहिली आहेत.

त्रिज्या:
दोघांचेही आभार. एमटीटीएससाठी शिफारसपत्र लागते, असे दिसते. आमच्या विभागात अशी पत्रे एकाच साच्यातून निघतात. त्यात काय असावे?

अवकलन:
मुलींच्या पत्रांत 'मेहनती, शांत, नम्र, वक्तशीर' ही विशेषणे हमखास येतात, आणि मुलांच्या पत्रांत 'तल्लख, स्वतंत्र विचाराचा'. निवड करणाऱ्याला नम्रतेचे काही करायचे नसते. तिने कोणता प्रश्न सोडवला, सिद्धतेत कुठे अडली, मग कोणता वेगळा मार्ग काढला, ते लिहा. उदाहरणार्थ, बोल्झानो-वायरस्ट्रास प्रमेय (सीमित अनंत संचातील बिंदू कुठेतरी दाटतातच) शिकवल्यावर 'संच सीमित नसेल तर काय?' असे विचारून तिने स्वतःच पूर्णांकांचे उदाहरण दिले असेल, तर ते एक वाक्य पानभर विशेषणांपेक्षा अधिक बोलते. पत्र इंग्रजीत लिहिणे जड जात असेल, तर वाक्ये छोटी ठेवा. गणित अचूक असले म्हणजे पुरे. आणि वर्गात शेवटच्या बाकावर बसणाऱ्या, स्वतःहून पत्र मागायला न येणाऱ्या विद्यार्थ्यांना तुम्हीच बोलावून अर्ज भरायला सांगा.