खापर बॉक्सिंगवर नको
काका, हॉलिवूडचा नट मिकी रूर्कचं करिअर बॉक्सिंगने बुडवलं हे तुमचं म्हणणं काही पटलं नाही. १९९१ मध्ये तो व्यावसायिक रिंगमध्ये उतरला तेव्हा सिनेमातली घसरण सुरू झालीच होती. दिग्दर्शकांशी भांडणं काय कमी होती का त्याची! आणि नुसती हौस नव्हती हो: आठ लढती, सहा जिंकल्या, दोन बरोबरीत, हार एकही नाही. चेहऱ्याची मात्र पार वाट लागली. आधी ठोसे, मग शस्त्रक्रिया.

पण तो चेहरा नसता तर २००८ चा 'द रेसलर' हा सिनेमा उभाच राहिला नसता. आपल्या इंदूरच्या आखाड्यांत कान फुटलेले म्हातारे पैलवान ज्यांनी पाहिलेत, त्यांना त्यातला रूर्कने साकारलेला उतारवयातला पैलवान रँडी ओळखीचाच वाटेल. मला तर कुस्त्यांपेक्षा तो दुकानातला प्रसंग जास्त भारी वाटतो. डोक्याला जाळी, छातीवर नावाची पट्टी, आणि गडी गिऱ्हाइकांची थट्टा करत सॅलड वाढतोय! या भूमिकेसाठी रूर्कला गोल्डन ग्लोब आणि बाफ्टा मिळालं, ऑस्कर शॉन पेनने नेलं. आमच्या घरी त्यावरून अजून वाजतं. पुनरागमन २००५ च्या 'सिन सिटी'पासून धरायचं का, ते मात्र तुम्हीच सांगा.