मदत हवी आहे: जिल्हा परिषद अध्यक्षांच्या शेऱ्याला काही किंमत असते की नाही?

पाटीपेन्सिल | 12 जून 2023

तीनच दिवसांनी 15 तारखेला शाळा उघडतेय, म्हणून घाईत लिहितोय. आमच्या गावच्या जिल्हा परिषद शाळेच्या एका खोलीची तुळई खालून फुटली आहे. प्लास्टर गळून गंजक्या सळया उघड्या पडल्यात. पावसात तिथून तांबूस पाणी ठिबकतं, म्हणून गुरुजींनी फळा काढून समोरच्या भिंतीला लावलाय. आमच्या अर्जावर खुद्द अध्यक्षांनी "तातडीने कार्यवाही करावी" असं लिहून सही केली आहे. तरी कोणी हलत नाही. अध्यक्षांचे अधिकार नेमके काय आहेत? त्यांचं लिहिलेलं खालच्यांना पाळावंच लागतं ना? जाणकारांनी लवकर सांगा.

रानजाई

जिल्हा कोणता? शेरा कोणाच्या नावे आहे, शिक्षण विभाग की बांधकाम? शाळा ग्रामपंचायतीच्या हद्दीत आहे की नगरपंचायत झाली आहे?

पाटीपेन्सिल

जिल्ह्याचं नाव लिहीत नाही, उद्या गुरुजींना त्रास नको. गाव ग्रामपंचायतीचंच आहे. कोणाच्या नावे ते लिहिलेलं नाही, नुसता शेरा आणि सही. अधिकाराचं सांगा ना.

जावकबारनिशी

मी जिल्हा परिषदेत एकतीस वर्षं कारकुनी केली. शेरा म्हणजे आदेश नव्हे. असा अर्ज पृष्ठांकित होऊन (पाठवणाऱ्याची नोंद पडून) विभागात येतो, टेबलावर त्याची टिपणी तयार होते, टिपणी वर चढते, मग तांत्रिक मान्यता, प्रशासकीय मान्यता आणि निधी. यातलं काही झालं नसेल तर शेरा कागदावरच राहतो. अध्यक्षांच्या सहीने पैसा निघत नाही. प्रशासन मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या हातात असतं.

गोदाकाठ

हे अर्धंच झालं. मी एक मुदत सदस्य होते, त्यातली अडीच वर्षं स्थायी समितीवर. 1961 च्या जिल्हा परिषद अधिनियमाचं कलम 54 वाचा. सभा बोलावणं आणि चालवणं, दप्तर पाहणं, आर्थिक व कार्यकारी प्रशासनावर लक्ष ठेवणं, ठरावांची अंमलबजावणी व्हावी म्हणून मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांवर प्रशासकीय देखरेख, हे सगळं अध्यक्षांकडे आहे. शिवाय लोकांच्या सुरक्षिततेसाठी तातडीची गरज असेल तर एखादं काम करायला किंवा थांबवायला ते थेट सांगू शकतात, खर्चासकट. नंतर सभेपुढे कळवायचं. आमच्या वेळी पुराने एक मोरी वाहून गेली. दोन वाड्यांची मुलं पलीकडे अडकली होती. अध्यक्षांनी त्याच संध्याकाळी लेखी सांगितलं आणि तिसऱ्या दिवशी नळे पडले. तेव्हा "काही करता येत नाही" असं म्हणू नका.

जावकबारनिशी

ताई, तो लेखी आदेश होता, कारणासकट. इथे तीन शब्दांचा शेरा आहे. मुद्दा तोच आहे.

गोदाकाठ

मग धागाकर्त्यांनी अध्यक्षांकडून तसा आदेश मागावा. अधिकार नाहीत म्हणून लोकांना घरी पाठवायची सवय लागली आहे, तिचा मला राग येतो.

तांबडंफुटलं

अध्यक्षपद अडीच वर्षांचं असतं आणि आरक्षण फिरतं. सदस्य आपल्यातून अध्यक्ष निवडतात, लोक थेट निवडत नाहीत. थेट निवडून आले तरच वचक बसेल असं माझं ठाम मत आहे.

रानजाई

तो वेगळा विषय आहे. धागाकर्ते, शेऱ्याखाली तारीख काय आहे?

पाटीपेन्सिल

14 फेब्रुवारी 2022.

रानजाई

अहो, हे आधी सांगायचं! बहुतेक जिल्हा परिषदांची मुदत मार्च 2022 मध्ये संपली. निवडणुका झाल्या नाहीत, प्रशासक बसले. पालघर, धुळे, नंदुरबार अशा मोजक्याच ठिकाणी आज, जून 2023 मध्ये, सदस्य आहेत. तुमच्याकडे सध्या अध्यक्ष आहेत का?

पाटीपेन्सिल

नाहीत. पण ज्यांनी सही केली ते गावात येतात, लोक अजून त्यांना अध्यक्षच म्हणतात. ते म्हणाले, मी सांगतो साहेबांना.

गोदाकाठ

म्हणजे ते आज फक्त विनंती करू शकतात. आणि दुखणं याच्याही खाली आहे. प्रशासक म्हणून मुख्य कार्यकारी अधिकारीच बसले आहेत. ज्यांच्यावर अध्यक्षांनी देखरेख ठेवायची, तेच आता अध्यक्षांचं, स्थायी समितीचं आणि सभेचं काम पाहतात. सभागृहात उठून "त्या शाळेच्या तुळईचं काय झालं?" असं विचारणारं कोणी उरलेलं नाही. हा प्रश्न मी स्वतः विचारायचे. उत्तर टाळलं तर पुढच्या सभेत अनुपालन अहवालात (मागच्या सभेतल्या मुद्द्यांवर काय केलं त्याच्या अहवालात) तो परत यायचा. पन्नास-साठ सदस्यांपैकी कोणीतरी तुमच्या भागातलं असतंच. ते सगळं थांबलं आहे.

जावकबारनिशी

या बाबतीत मी ताईंशी पूर्ण सहमत. पण एका गोष्टीकडे बघा: तातडीचा निर्णय घेण्याचा अधिकार गेलेला नाही, तो प्रशासकांकडे आहे. अर्जावर "प्रशासक तथा मुख्य कार्यकारी अधिकारी" असं लिहा. आता सांगा, उपअभियंत्यांनी पाहणी केली का? निर्लेखनाचा प्रस्ताव गेला का?

पाटीपेन्सिल

निर्लेखन म्हणजे पाडायचं ना? आम्हाला पाडायची नाही, दुरुस्त करून हवी आहे. पाडली तर नवी कधी मिळणार?

जावकबारनिशी

ते तुम्ही किंवा मी ठरवायचं नाही. तुळईच्या सळया गंजल्या असतील तर वरून सिमेंट थापून काही होत नाही. पाहणीचा लेखी दाखला घ्या, त्यावरच दुरुस्ती की निर्लेखन ते ठरतं.

गोदाकाठ

पैशाचंही बघा. जिल्हा परिषदेच्या स्वतःच्या उत्पन्नातून दुरुस्ती होऊ शकते. नव्या खोल्या बहुधा जिल्हा नियोजन समितीच्या निधीतून होतात आणि ती समिती पालकमंत्र्यांच्या अध्यक्षतेखाली असते. तिथे आमदारांचं पत्र उपयोगी पडतं.

दूरदेशी

मी फ्रान्समध्ये लिओंजवळ राहते. इथे प्रदेश परिषदेच्या अध्यक्षाच्या हातात खरी कार्यकारी सत्ता असते. 1982 पर्यंत ती सरकारने नेमलेल्या प्रिफेक्टकडे होती. 2 मार्च 1982 च्या कायद्याने ती निवडून आलेल्या अध्यक्षाकडे आली. अंदाजपत्रक तोच मांडतो, ठराव तोच अमलात आणतो, प्रदेशाचे कर्मचारी त्याच्या हाताखाली. लीसेच्या (उच्च माध्यमिक शाळेच्या) इमारती प्रदेशाकडे, कोलेजच्या (माध्यमिक शाळेच्या) विभागाकडे, म्हणजे आपल्या जिल्ह्यासारख्या घटकाकडे, आणि प्राथमिक शाळेच्या कोम्यूनच्या, म्हणजे गाव-शहराच्या, महापौराकडे. गळती लागली तर कोणाचं दार ठोठवायचं ते पालकांना पक्कं ठाऊक असतं.

तांबडंफुटलं

पाहा, मी हेच म्हणत होतो. सत्ता निवडून आलेल्याकडे हवी.

रानजाई

पण तिथेही प्रदेशाचा अध्यक्ष सदस्यांतूनच निवडला जातो, थेट नाही. आणि यातून 15 तारखेचं काय? धागाकर्ते, पटावर मुलं किती?

पाटीपेन्सिल

41. पहिली ते चौथी, दोन खोल्या. मी शाळा व्यवस्थापन समितीत आहे, माझी मुलगी तिसरीत आहे. फुटलेली तुळई तिच्याच वर्गात.

रानजाई

मग आज रात्रीच समितीची सभा घ्या. ती खोली वापरायची नाही असा ठराव करा आणि मुख्याध्यापकांच्या सहीने गटशिक्षणाधिकाऱ्यांना द्या. बाकी सगळं नंतर.

पाटीपेन्सिल | 14 जून 2023

काल ठराव झाला, नऊ जणांच्या सह्या. खोलीला कुलूप लावलं. पहिली-दुसरी मारुतीच्या सभामंडपात बसणार, सतरंज्या भजनी मंडळाने दिल्या. आज जिल्ह्याला जाऊन प्रशासकांच्या नावे अर्ज दिला, तुळईचे फोटो आणि जुन्या शेऱ्याची प्रत जोडली, पोच घेतली. उपअभियंता शुक्रवारी येतो म्हणाले. आवकच्या बाईंनी 2022 चं रजिस्टर काढून पाहिलं. आमचा तो अर्ज त्यात नोंदलेलाच नाही. शेरा घेऊन आम्ही तो तसाच परत घरी आणला होता, मूळ कागद माझ्याच कपाटात निघाला.

जावकबारनिशी, तो मूळ कागद आता जमा करू का, की नव्या अर्जाला जोडलेली प्रत पुरेल?