जपानी शिकारी पक्ष्यांची नावं: ताका कुठे संपतो आणि वाशी कुठे सुरू होतो?

पाखरूवेडा
नमस्कार मंडळी. जपानी शिकतोय, सध्या जपानी भाषेच्या परीक्षेच्या एन३ पातळीची तयारी चालू आहे, पक्षी बघायचा नाद त्याआधीपासूनचा, त्यामुळे वाचनाचा सराव म्हणून जपानी पक्ष्यांचं फील्ड गाईड घेऊन बसलोय आणि शिकारी पक्ष्यांच्या पानांवर पार अडकलोय. डिक्शनरीत वाशी म्हणजे गरुड, ताका म्हणजे बाज, तोबी म्हणजे घार, हायाबुसा म्हणजे बहिरी ससाणा. इथपर्यंत ठीक. पण कुमाताका चांगला ७०-८० सेंटीमीटरचा दांडगा पक्षी, शास्त्रीय वर्गवारीत गरुडांच्या जवळचा, तो ताका. आणि कानमुरीवाशी म्हणजे आपला तुरेवाला सर्पगरुड, तो जेमतेम ५५ सेंटीमीटर, तो मात्र वाशी. मग नियम काय? दुसरं, ओओताका म्हणजे 'मोठा ताका' म्हणावं तर तो काही सगळ्यात मोठा नाही. आणि हाइताकातला हाइ म्हणजे राख का? सगळी नावं काताकानात, म्हणजे नुसता उच्चार दाखवणाऱ्या लिपीत छापलेली, कांजी, म्हणजे अर्थ सांगणारी चिनी अक्षरं, दिसतच नाहीत, त्यामुळे अंदाज बांधायलाही जागा नाही. कोणी नीट समजावून सांगेल का, किंवा निदान लक्षात ठेवायची काही युक्ती?

कांजीवेडी
खूप छान प्रश्न, यावर मी आधी बरंच डोकं घातलंय म्हणून सविस्तर लिहिते. पहिली गोष्ट, वाशी आणि ताका हा भेद नात्यागोत्याचा नाही, आकाराचा आहे, आणि तोही डोळ्यांना वाटेल तसा. मोठा दिसला तर वाशी, मध्यम किंवा लहान दिसला तर ताका. शास्त्रात दोघंही एकाच कुळात येतात आणि त्या कुळाचं नाव 'ताका-का' असं ताकावरूनच आहे, म्हणजे वाशीसुद्धा कागदोपत्री ताकाच. नावं शास्त्राच्या कितीतरी आधीची, शिकाऱ्यांनी, बाण बनवणाऱ्यांनी, खेड्यातल्या लोकांनी ठेवलेली, नंतर अभ्यासकांनी आहे तशीच उचलली. कुमाताकाच्या बाबतीत तर नावातच मोठेपणा आलेला आहे, कुमा म्हणजे अस्वल, म्हणजे अस्वलासारखा दणकट ताका. त्याला परत वाशी म्हणायची कोणाला गरज वाटली नाही. कानमुरीवाशी जपानमध्ये फक्त पार दक्षिणेला, याएयामा बेटांवर, इशिगाकी आणि इरिओमोतेला राहतो, तिथे त्याच्याएवढा दुसरा कायमचा शिकारी पक्षी नाही, त्यामुळे तिथला वाशी तोच. कानमुरी म्हणजे मुकुट, डोक्यावरच्या तुऱ्यावरून. इशिगाकीचा बॉक्सर गुशिकेन योको, १९७६ ते १९८१ लाइट फ्लायवेटचा वर्ल्ड चॅम्पियन होता, त्याला 'कानमुरीवाशी' हेच टोपणनाव होतं, जुन्या पिढीतल्या जपानी माणसाला हे नाव सांगा, पक्ष्याआधी तो आठवेल.

आता ओओताका. हा 'मोठा' वाला ओओ नाही असं मानतात. जुनं नाव आओताका, आओ म्हणजे निळसर-करडा, पूर्ण वाढलेल्या पक्ष्याची पाठ बघा, तोच रंग. बोलता बोलता आओ चा ओओ झाला. जुन्या कांजीतही पहिलं अक्षर त्या निळसर रंगाचंच आहे. आणि हाइताकामध्ये राख नाही हो, तो मुळात हाशिताका, म्हणजे झपाट्याने जाणारा. म्हणून काताकानातलं नाव दिसलं की लगेच ओळखीचा शब्द चिकटवायचा नाही, आधी कांजी शोधायची, आणि कांजीवरही डोळे झाकून विश्वास ठेवायचा नाही कारण बऱ्याचदा ती मागाहून आवाजाला जुळवलेली असते.

दुर्बीणवाला
कांजीवेडी ताईंनी मुख्य गोष्ट सांगितलीच, मी ताकागारीची बाजू सांगतो कारण ती कळल्याशिवाय ही नावं सुटी सुटीच राहतात. ताकागारी म्हणजे पाळलेल्या बाजाकडून शिकार, आणि बाज सांभाळणारा तो ताकाजो. जपानमध्ये हा आधी दरबारी आणि मग सामुराई लोकांचा मोठा शौक, तोकुगावा घराण्याचा पहिला शोगुन इएयासू, त्याला तर त्याचं प्रचंड वेड होतं. या लोकांना पक्ष्याची जात कोणती यापेक्षा हातावर बसलेला नर आहे की मादी हे जास्त महत्त्वाचं, कारण शिकारी पक्ष्यांमध्ये मादी मोठी आणि जोरकस असते, नर लहान, आणि त्यांच्याकडून होणारी शिकार वेगळी. म्हणून नराला एक नाव आणि मादीला दुसरं! हाइताका हे खरं तर मादीचं नाव, तिचा नर तो कोनोरी. त्सुमी हे पण मादीचं, तिचा नर एस्साई. पुढे फील्ड गाईडं आली तेव्हा एका जातीला एकच नाव हवं झालं आणि मादीचं नाव सगळ्या जातीला लागलं, कोनोरी आणि एस्साई जुन्या पुस्तकांत आणि ताकाजो लोकांच्या तोंडी उरले.

त्सुमी दिसला तर नक्की बघा. नर जेमतेम २७ सेंटीमीटर, पारव्यापेक्षाही लहान, पिल्लं वाचवायला कावळ्याच्या अंगावर असा काही जातो की बघत राहावं. शहरातल्या बागांमध्ये, रस्त्याकडेच्या झाडांवर घरटं करतो, आणि ओनागा नावाचे निळ्या पंखांचे लांबशेपटे पक्षी मुद्दाम त्याच्या घरट्याच्या आसपास आपली घरटी बांधतात, कारण त्सुमी कावळ्यांना फिरकू देत नाही.

पाखरूवेडा
वा! नर-मादीची वेगळी नावं हे कुठेच वाचलं नव्हतं, डिक्शनरीत कोनोरी समोर नुसतं 'हाइताकाचा नर' एवढंच असतं, ते का हे आत्ता कळलं. मग हायाबुसा पण ताकाजो लोकांचाच शब्द का? आणि इनुवाशीचं काय, इनु म्हणजे कुत्रा ना, एवढ्या देखण्या सुवर्ण गरुडाला कुत्रा का म्हणावं?

उत्तरेकडची
इनुवाशीचं मी सांगते. जपानीत झाडाझुडपांच्या नावात इनु लागलं की बऱ्याचदा अर्थ 'दिसायला तसंच पण कामाचं कमी' असा होतो, जसं इनुताडे, इनुबिवा. इनुवाशीबद्दल एक मत असंच आहे की बाणाला लावायच्या पिसांच्या हिशोबात त्याची पिसं दुय्यम धरायचे म्हणून इनु. बाणाच्या पिसांना तेव्हा फार किंमत होती, कुमाताकाच्या शेपटीच्या पट्टेरी पिसांना तर विशेष मागणी. म्हणजे पक्षी किती रुबाबदार याच्याशी नावाचा संबंधच नाही, पीस कामाला येतं की नाही एवढंच. मला व्यक्तिशः हे फार लागतं, कारण इनुवाशी आता जपानच्या डोंगरांत फार कमी राहिलाय. जुनी मोकळी गवताळ कुरणं गेली, डोंगरभर सीडर-सायप्रसची दाट लागवड झाली आणि वरून ससा दिसायलाच जागा उरली नाही. १९६५ पासून त्याला राष्ट्रीय नैसर्गिक वारशाचा दर्जा आहे पण नुसत्या दर्जाने ससे मिळत नाहीत.

होक्काइदोत, म्हणजे उत्तरेकडच्या बेटावर या, तिथली नावं एकदम सरळ आहेत. ओजिरोवाशी: ओ शेपटी, जिरो पांढरी, पांढऱ्या शेपटीचा गरुड, झालं. ओओवाशी: इथे मात्र ओओ खरोखर मोठाच, पंखांचा पसारा सव्वादोन ते अडीच मीटर, मादी ९ किलोपर्यंत जाते. कामचात्का आणि ओखोत्स्क किनाऱ्याकडे विणीला असतो, हिवाळ्यात खाली येतो. फेब्रुवारीत शिरेतोकोच्या राउसु बंदरातून पहाटे बोटी निघतात, तरंगत आलेल्या बर्फावर ओओवाशी आणि ओजिरोवाशी शेजारी शेजारी बसलेले असतात. जवळून पहिल्यांदा नजर जाते ती चोचीवर, पिवळीधमक आणि इतकी जाड की बाकीचं डोकं लहान वाटायला लागतं. उडाला की खांद्यावरचा पांढरा पट्टा लांबूनही उठून दिसतो, ओजिरोवाशीला तो नसतो, नवशिक्यांनी एवढं लक्षात ठेवलं तरी पुरे.

दुर्बीणवाला
हायाबुसाचं राहिलं. शब्द फार जुना आहे, हाया म्हणजे वेगवान, पुढच्या भागाचा संबंध त्सुबासा म्हणजे पंखाशी जोडतात. कांजी लिहायला अगदी सोपी, वर आखूड शेपटीच्या पक्ष्याचं चिन्ह आणि खाली दहाचा आकडा. मजा अशी की आधी हायाबुसा ताकांच्याच गणात होता, मग डीएनएवरून कळलं की ससाण्यांचे जवळचे नातेवाईक पोपट आणि चिमणीवर्गातले पक्षी आहेत, गरुड-बाज नाहीत, त्यामुळे आता हायाबुसाचा गण वेगळा. वाकडी चोच आणि नख्या दोघांकडे स्वतंत्रपणे आल्या.

आणि या नावाचा जपानी लोकांना अभिमान किती! २०११ च्या मार्चमध्ये तोहोकु शिनकानसेनवर सुरू झालेली हायाबुसा ही बुलेट ट्रेन, आता ताशी ३२० किलोमीटरच्या वेगाने पळते. सुझुकीची बाईक तर आपल्याकडच्या पोरासोरांनाही माहीत. माझी आवडती म्हणजे अंतराळयान हायाबुसा: २००३ ला निघालं, २००५ मध्ये इतोकावा लघुग्रहावर क्षणभर टेकून माती उचलायची असं काम, झडप घालून सावज उचलणाऱ्या पक्ष्यासारखं, म्हणून हे नाव. वाटेत इंजिनं बिघडली, संपर्क तुटला, तरी २०१० मध्ये ती माती पृथ्वीवर आणलीच.

पाखरूवेडा
आता तोबीबद्दल कोणी बोलत नाहीये म्हणून मीच विचारतो. घार आपल्याकडे पण गावभर, तिथे पण गावभर, तिला काही मान आहे की नाही?

कांजीवेडी
मान म्हणाल तर म्हणींमध्ये तोबी बिचारी कायम ताकाच्या खालीच. 'तोबीने ताकाला जन्म दिला' अशी म्हण आहे, साध्या आईबापांच्या पोटी कर्तबगार मूल आलं की म्हणतात. याच्या उलट 'बेडकाचं पोर बेडूकच', म्हणजे आपली खाण तशी माती. जपान्यांकडे दोन्ही बाजूंच्या म्हणी तयार आहेत, जशी वेळ तशी काढायची. आणि ताकाचं कौतुक बघा, 'हुशार ताका नख्या लपवतो', नवीन वर्षाच्या पहिल्या स्वप्नात फुजी दिसला तर सर्वात शुभ, दुसरा ताका, तिसरं वांगं. तोबी त्या यादीत नाहीच. तिच्या वाट्याला 'तोंबीने आबुराआगे पळवलं', आबुराआगे म्हणजे तळलेला तोफू. अर्थ तोच, हातातोंडाशी आलेला घास गेला. ही नुसती म्हण नाही बरं, कामाकुरा, एनोशिमाच्या किनाऱ्यावर पाट्या लावलेल्या असतात, उघड्यावर खाऊ नका म्हणून, मागून येऊन सँडविच अलगद नेतात आणि पंखाचा वारा लागेपर्यंत पत्ताही लागत नाही.

पण मला विचाराल तर रोजच्या भाषेत तोबीच सगळ्यात खोलवर गेलीय. लांब काठीला चोचीसारखा लोखंडी आकडा लावतात ते तोबीगुची, एदोच्या काळात (१६०३ ते १८६८) आग पसरू नये म्हणून शेजारची घरं पाडायला ते वापरायचे. ते घेऊन उंचावर काम करणारे तोबी, आणि आजही इमारतींच्या सांगाड्यावर, परांच्यांवर चढून काम करणाऱ्या कामगारांना तोबीशोकू म्हणतात. तिच्या पिसांचा तांबूस तपकिरी तोबी-इरो हा पारंपरिक रंगच आहे. आणि आवाज, पीऽह्योरोरो, हा जपानी टीव्हीवर गाव किंवा समुद्रकिनारा दाखवायचा असला की हमखास मागे ऐकू येतो. एकदा ओळखायला लागलात की सगळीकडे सापडेल.

निशाचर
घुबडांना पण घ्या की धाग्यात, ते पण शिकारीच. तिथेही वाशी-ताकासारखाच घोळ आहे. फुकुरो म्हणजे घुबड, मिमिझुकु म्हणजे कानवालं घुबड, मिमि म्हणजे कान. पण आओबाझुकुला कान नाहीत तरी झुकु, आणि शिमाफुकुरोला ठळक कान आहेत तरी फुकुरो. तर्क लावत बसू नका, पाठ करा. आओबाझुकुचं नाव मात्र फार गोड आहे, आओबा म्हणजे नवी हिरवी पालवी, ती फुटते त्या सुमाराला हे येतं. शिमाफुकुरोतला शिमा म्हणजे बेट, म्हणजे होक्काइदो. तिथले मूळनिवासी आइनू लोक त्याला कोतान-कोर-कामुय म्हणतात, गावाचं रक्षण करणारा देव.

आणि एक गोष्ट आपल्याला विशेष जवळची वाटेल. डोंगरात रात्री 'बुप्पोसो' असा आवाज यायचा, बुत् म्हणजे बुद्ध, हो म्हणजे धम्म, सो म्हणजे संघ! आपल्या त्रिरत्नांचं नाव घेणारा पक्षी म्हणून त्याला फार मान. लोकांनी तो आवाज त्याच जंगलात राहणाऱ्या एका निळ्या-हिरव्या, नीलपंखाच्या कुळातल्या पक्ष्याचा समजला आणि त्याचं नावच बुप्पोसो पडलं. मग १९३५ मध्ये आइचीतल्या होराइजी डोंगरावरून रेडिओवर तो आवाज थेट प्रसारित झाला, आणि तो ऐकून एका श्रोत्याकडचं पाळलेलं कोनोहाझुकु, म्हणजे अगदी छोटं कानवालं घुबड, पिंजऱ्यातून तसंच ओरडायला लागलं. त्रिरत्नं म्हणणारं हे निघालं. पण नाव बदललं नाही, अजूनही एकाला 'रूपाचा बुप्पोसो' आणि दुसऱ्याला 'आवाजाचा बुप्पोसो' म्हणतात.

पाखरूवेडा
बुद्ध-धम्म-संघ वाचून अंगावर काटा आला, हे घरी सगळ्यांना वाचून दाखवलं. सगळ्यांचे मनापासून आभार, आता वहीत नाव, जुनं नाव, नर-मादी अशा रकान्यांत लिहायला घेतोय. शेवटचं एकच, शरद ऋतूत जायला जमेल असं दिसतंय, एका ठिकाणी जास्तीत जास्त ताका बघायचे तर कुठे जाऊ?

दुर्बीणवाला
साशिबा, म्हणजे थव्याने स्थलांतर करणारे मध्यम आकाराचे ताका, बघायचे तर इरागो अंतरीप, आइची. तोयोहाशीहून अत्सुमी लाइनने मिकावा-ताहारा, पुढे बस. ऑक्टोबरचा पहिला पंधरवडा, उत्तरेकडून थंड वारा येऊन आभाळ मोकळं झालेलं असेल तो दिवस धरा आणि पहाटेच पोचा. उन्हं तापली की गरम हवेत गोल फिरत सगळे एकावर एक चढत जातात, त्याला ताकाबाशिरा म्हणतात, ताकांचा खांब, हायकूत हा शरदाचा शब्द आहे. सप्टेंबरच जमत असेल तर नागानोची शिराकाबा खिंड, तिथे साशिबाबरोबर हाचिकुमा म्हणजे मधुबाज पण मिळतील. ते पुढे पश्चिमेला जाऊन गोतो बेटांवरून समुद्र ओलांडतात. दुर्बीण ८ पटीची घ्या, १० पटीची तासन् तास वर धरली की हात कापतो, आणि मानेसाठी आडवं पडायला एखादी चटई असू द्या.

उत्तरेकडची
आणि फेब्रुवारीत राउसुला पण या, बोटीचं बुकिंग आधी करून ठेवा.