शब्दचर्चा: शास्त्रज्ञ, वैज्ञानिक, संशोधक – आणि माणूस शास्त्रज्ञ नेमका कधी होतो?

अनुस्वार :

एका लेखाचं संपादन करतोय. लेखकाने एकाच परिच्छेदात एकाच बाईंना आधी 'संशोधक', मग 'वैज्ञानिक' आणि शेवटी 'ज्येष्ठ शास्त्रज्ञ' करून टाकलंय. पुनरुक्ती टाळायची म्हणून केलं असणार. पण मला हे तीन शब्द एकमेकांच्या जागी बसवताना कुठेतरी खटकतंय आणि काय खटकतंय ते सांगता येत नाहीये. शब्दकोश एका शब्दासमोर दुसरा ठेवून मोकळा होतो. तुमच्या कानाला फरक जाणवतो का?

दुसरा प्रश्न यातूनच निघाला. वकिलाची सनद असते, डॉक्टरची नोंदणी असते. काल नव्हता, आज झाला, असा एक दिवस दाखवता येतो. शास्त्रज्ञाचा तो दिवस कोणता? पीएचडी करणाऱ्याला आपण विद्यार्थी म्हणतो, त्याच्या पेपरची बातमी आली की लगेच 'शास्त्रज्ञांनी शोधून काढले' असं छापतो.

वेलांटी :

फरक आहे, आणि चांगला ठसठशीत आहे.

'शास्त्रज्ञ'मधला 'ज्ञ' म्हणजे जाणणारा. मर्मज्ञ, गणितज्ञ, तज्ज्ञ यांतलाच. (तज्ज्ञ म्हणजे तत् + ज्ञ, म्हणून दोन ज. 'तज्ञ' लिहिणाऱ्यांना माफी नाही.) म्हणजे शास्त्रज्ञ हा शब्द माणसाला काय येतं ते सांगतो, तो दिवसभर काय करतो ते सांगत नाही. त्यातून 'शास्त्र' हा शब्द मराठीत दोन दगडांवर पाय ठेवून उभा आहे. एकीकडे भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र. दुसरीकडे 'शास्त्रापुरतं करून टाक' आणि 'शास्त्र असतं ते!' मूळ धातू 'शास्', म्हणजे आज्ञा करणे, शिकवणे. त्यामुळे 'शास्त्र असतं ते' म्हटलं की पुढचा 'का?' विचारायचा नाही, एवढं कळतं. आणि शास्त्रज्ञाला पगार मिळतो तो नेमका तो 'का?' विचारण्याचा. शब्दाची ही गंमत मला फार आवडते.

'वैज्ञानिक' हे मुळात विशेषण: वैज्ञानिक दृष्टिकोन, वैज्ञानिक उपकरण. नाम म्हणूनही चालतं, हिंदीत तर तोच मुख्य शब्द आहे. मराठीत तो मला बराचसा पदनामासारखा ऐकू येतो. नेमणूकपत्रावर 'वैज्ञानिक' शोभतं, मृत्युलेखात 'शास्त्रज्ञ'.

'संशोधक'मध्ये 'शुध्' आहे, शुद्ध करणे. जुन्या पोथ्यांचं संशोधन म्हणजे अनेक प्रती समोर ठेवून अशुद्ध पाठ बाजूला काढत जाणं. हिंदीत 'संशोधन'चा अर्थ आजही दुरुस्ती असा होतो, आपण घटना'दुरुस्ती' म्हणतो तिथे ते 'संशोधन' म्हणतात. मराठीत दुरुस्तीचा अर्थ मागे पडला आणि रिसर्चचा पुढे आला. म्हणून इतिहाससंशोधक सहज तोंडात बसतो, 'इतिहासशास्त्रज्ञ' कोणी म्हणत नाही. संशोधक कुठल्याही विषयाचा असू शकतो. शास्त्रज्ञाला आधी एखादं शास्त्र लागतं.

रफार :

स्त्रीलिंगाचं काय? संशोधिका दिसतं, 'शास्त्रज्ञा' क्वचित. 'महिला शास्त्रज्ञ' वाचलं की मला बसमधल्या राखीव सीटची पाटी आठवते. क्रियापदावरून कळतंच की, 'शास्त्रज्ञ म्हणाल्या'. तेवढं पुरे.

पिपेट :

मी प्रयोगशाळेत काम करते, जीवरसायन. तिथलं सांगते. हे तिन्ही शब्द आमच्याकडे कोणी स्वतःसाठी वापरत नाही.

परिषदेत दोन अनोळखी माणसं भेटली की पहिला प्रश्न 'कशावर काम करता?' हा असतो. 'तुम्ही कोण?' असं कोणी विचारत नाही. उत्तर येतं, 'मी माशीच्या डोळ्यावर आहे', 'मी एका प्रथिनावर अडकलेय', 'सध्या पोस्टडॉक' (म्हणजे पीएचडीनंतरची करारावरची संशोधनाची नोकरी). 'मी शास्त्रज्ञ आहे' असं बोलून पाहा, 'मी विद्वान आहे' म्हटल्यासारखं वाटतं. वेलांटींच्या 'ज्ञ'चाच हा प्रताप असावा. तो दुसऱ्याने लावायचा शब्द आहे. स्वतः लावलात की घरचे 'मोठा शास्त्रज्ञ लागून गेलास!' म्हणायला टपलेलेच असतात.

आता अनुस्वार यांचा 'दिवस कोणता'. माझं मत पक्कं आहे, पण त्यासाठी थोडं आत न्यावं लागेल.

कॉलेजातल्या प्रॅक्टिकलला उत्तर आधीच ठरलेलं असतं. रीडिंग जुळलं नाही तर चूक तुमची, विषय संपला. पीएचडीला आलेली मुलं ही सवय सोबत घेऊन येतात. इथे रीडिंग जुळलं नाही तर चूक तुमची असेल, यंत्राची असेल, रसायन जुनं झालं असेल किंवा पुस्तकच चुकलं असेल. यातलं कोणतं, ते गाईडलाही माहीत नसतं. पहिले काही महिने मुलांना वाटतं की गाईड मुद्दाम सांगत नाहीये.

एक उदाहरण. डीएनएच्या विशिष्ट तुकड्याच्या असंख्य प्रती काढायला आम्ही पीसीआर नावाची प्रक्रिया करतो. छोट्या छोट्या नळ्यांमध्ये सगळी रसायनं आणि तपासायचा डीएनए. एका नळीत मात्र बाकी सगळं असतं, फक्त डीएनएच्या जागी नुसतं पाणी. हा 'निगेटिव्ह कंट्रोल'. मग सगळ्या नळ्यांतला माल जेलच्या, म्हणजे जेलीसारख्या वडीच्या, ओळीने पाडलेल्या खाचांमध्ये भरायचा, वीज सोडायची आणि शेवटी अतिनील प्रकाशाखाली बघायचं. ज्या रांगेत डीएनए आहे तिथे पट्टी चमकते. पाण्याच्या रांगेत अंधार हवा.

आणि कधीतरी पाण्याच्या रांगेत पट्टी चमकते. फिकट, पण असते. याचा अर्थ कुठूनतरी भेसळ झाली: पिपेटमधून (द्रव मोजून उचलायची नळी), हवेतून, नाहीतर त्या 'शुद्ध' पाण्यातूनच. मग बाकीच्या रांगांमधल्या सुंदर, ठळक, हव्या त्या जागी आलेल्या पट्ट्यांवरही विश्वास ठेवता येत नाही. त्या खऱ्या असतीलही, पण तसं म्हणायचा अधिकार गेला. नव्या मुलाचा हात फोटोची कड कापायला शिवशिवतो, कारण पाण्याची रांग बहुतेक वेळा कडेलाच असते! कोणी बघत नसताना, कोणी सांगितलेलं नसताना जो तो जेल टाकून देतो, नवं पाणी काढतो आणि पहिल्यापासून सुरू करतो, त्याला माझ्या हिशेबी त्या संध्याकाळपासून संशोधक म्हणावं. पदवी नंतर मिळेल. शास्त्रज्ञ कधी म्हणायचं ते लोकांना ठरवू दे.

नोंदवहीचा नियमही असाच. शाईने लिहायचं, तारीख टाकायची, आणि चुकलं तर एकच आडवी रेघ. खालचं वाचता आलं पाहिजे. पान फाडायचं नाही, पांढरा रंग फासायचा नाही. आज जी चूक वाटते ती तीन वर्षांनी बरोबर निघू शकते.

वेलांटी :

हे पोथीसंशोधनाशी तंतोतंत जुळतं. नाकारलेला पाठ तिथेही पुसून टाकत नाहीत. 'पाठभेद' म्हणून तळटीपेत, कुठल्या प्रतीत सापडला त्याच्या खुणेसकट जपतात. पुढच्या अभ्यासकाला संपादकाचा निर्णय उलटवायचा असेल तर सामान हाताशी हवं.

दशमान :

इतिहासाची भर घालतो. इंग्रजांनाही या माणसाला काय म्हणायचं ते बराच काळ सुचत नव्हतं. 'नॅचरल फिलॉसॉफर' चालायचं. १८३३ साली केंब्रिजला ब्रिटिश असोसिएशन या विज्ञानसंस्थेच्या बैठकीत कवी कोलरिज यांनी हरकत घेतली, की उपकरणं हाताळणाऱ्या या मंडळींनी स्वतःला फिलॉसॉफर म्हणवू नये. तेव्हा केंब्रिजचेच विद्वान विल्यम ह्यूएल यांनी 'आर्टिस्ट'च्या धर्तीवर 'सायंटिस्ट' सुचवला. पुढच्या वर्षी मेरी सोमरव्हिल यांच्या ग्रंथाचं परीक्षण लिहिताना त्यांनी तो छापला, तोही 'एका कल्पक गृहस्थाने' सुचवला होता असं म्हणून. ते गृहस्थ स्वतःच! शब्द लोकांना आवडला नाही. फॅरडे यांना एनोड, कॅथोड, आयन हे शब्द मिळाले ते ह्यूएल यांच्याच मदतीने, आणि ते त्यांनी आनंदाने घेतले. पण 'फिजिसिस्ट' काही त्यांच्या जिभेला रुचला नाही. ते फिलॉसॉफरच राहिले.

म्हणजे न्यूटन, गॅलिलिओ यांना त्यांच्या हयातीत कोणी 'सायंटिस्ट' म्हटलं असणं शक्यच नाही. आपण त्यांना शास्त्रज्ञ म्हणतो ते मागाहून.

पगाराचा मुद्दाही आहे. विल्यम हर्शल पेशाने संगीतकार. बाथ शहरात ऑर्गन वाजवायचे आणि रात्री स्वतः घासलेल्या आरशांच्या दुर्बिणीतून आकाश बघायचे. त्यांची बहीण कॅरोलाइन हिला १७८७ पासून राजाकडून वर्षाला ५० पौंड मिळू लागले, कामाचं नाव 'मदतनीस'. या मदतनीस बाईंनी धूमकेतू शोधले. हेन्रिएटा लेव्हिट हार्वर्डच्या वेधशाळेत 'कॉम्प्युटर' होत्या, म्हणजे काचेच्या छायाचित्रांवरून ताऱ्यांच्या तेजाची मोजणी आणि नोंद करणाऱ्या. छोटा मॅगेलनी मेघ या शेजारच्या दीर्घिकेतले २५ रूपविकारी, म्हणजे तेज कमीजास्त होणारे, तारे घेऊन त्यांनी १९१२ मध्ये दाखवलं, की तारा जितका जास्त तेजस्वी तितका त्याच्या चढउताराचा काळ मोठा. दीर्घिकांची अंतरं मोजण्याचा रस्ता तिथून खुला झाला. हे मांडणारं वेधशाळेचं परिपत्रक निघालं संचालक पिकरिंग यांच्या सहीने, 'मजकूर मिस लेव्हिट यांनी तयार केला आहे' अशा पहिल्या ओळीसह.

तेव्हा पदनामावरून शास्त्रज्ञ ओळखायला गेलात तर या दोघी यादीत येणारच नाहीत.

अनुस्वार :

मग उलट प्रश्न. पद गेलं, लॅब गेली, तर माणूस 'माजी शास्त्रज्ञ' होतो का? माजी आमदार असतात, निवृत्त शिक्षक असतात. 'माजी शास्त्रज्ञ' लिहिलेलं मला आठवत नाही. आपल्याकडे फक्त 'ज्येष्ठ' होतात.

पिपेट :

डग्लस प्रॅशर यांची गोष्ट बघा. जेलीफिशमधल्या हिरव्या चमकणाऱ्या प्रथिनाचं जनुक त्यांनी वेगळं करून १९९२ मध्ये त्याचा क्रम प्रसिद्ध केला. पुढे अनुदान मिळेना. त्यांनी ते जनुक मार्टिन चाल्फी आणि रॉजर त्सिएन यांना देऊन टाकलं. या प्रथिनावरच्या कामासाठी २००८ चं रसायनशास्त्राचं नोबेल चाल्फी, त्सिएन आणि ओसामू शिमोमुरा यांना मिळालं, तेव्हा प्रॅशर गाड्यांच्या एका वितरकाकडे ग्राहकांना ने-आण करणारी व्हॅन चालवत होते. चाल्फी आणि त्सिएन यांनी त्यांना स्टॉकहोमला सोहळ्याला नेलं. २०१२ मध्ये ते त्सिएन यांच्या लॅबमध्ये कामाला लागले.

व्हॅन चालवत होते त्या काळात त्यांना काय म्हणायचं? 'ज्ञ' लावायला हरकत नाही, जे माहीत होतं ते कुठे जात नाही. पण संशोधक? कशावर काम करत होते? कशावरच नाही, कारण करायला जागा नव्हती. मला वाटतं दोन शब्दांमधला खरा फरक इथे दिसतो. संशोधक असायला बाक, पैसा, रसायनं आणि वेळ लागतो, आणि हे सगळं कोणीतरी द्यावं लागतं. बरेच जण याच पायरीवर गळतात. हुशारी कमी पडते म्हणून नाही, करार संपतो म्हणून.

रफार :

आईनस्टाईन १९०५ साली पेटंट कचेरीत नोकरीला होते, त्यांना फक्त कागद लागला.

पिपेट :

कागद आणि बरीचशी मोकळी संध्याकाळ. शिवाय ते सैद्धांतिक. माझं प्रथिन उणे ८० अंशाला ठेवावं लागतं, ते कचेरीच्या खणात राहत नाही.

वेलांटी :

या सगळ्यात क्रियापदं राहूनच गेली, आणि खरा घोळ मला तिथेच दिसतो. 'शोध घेणे', 'शोध लावणे', 'शोध लागणे'. घेतो तो संशोधक, रोज. लागतो तो आपोआप, कधी लागतच नाही. लावतो मात्र बातमीतला शास्त्रज्ञ, 'अमुकने तमुकचा शोध लावला', जणू ठरवून लावला. त्यात डिस्कव्हरी आणि इन्व्हेन्शन दोन्हींना आपण 'शोध'च म्हणतो, म्हणजे ग्रहाचाही शोध आणि शिवणयंत्राचाही.

दशमान यांचे हर्शलच घ्या. १३ मार्च १७८१ ला त्यांनी युरेनसचा शोध लावला, असं आपण पाठ केलंय. त्या रात्री त्यांना ग्रह सापडला असं वाटलंच नव्हतं. तो धूमकेतू असावा असं त्यांनी कळवलं. लेक्सेल आणि इतर खगोलशास्त्रज्ञांनी कक्षा मोजली तेव्हा हा ग्रह आहे हे ठरलं. आणि इंग्लंडचे खगोलशास्त्रज्ञ फ्लॅमस्टीड यांनी तर १६९० मध्येच तो पाहून तारा म्हणून यादीत टाकला होता, वृषभ राशीतला ३४ क्रमांकाचा. मग 'लावला' कोणी? पाहिला फ्लॅमस्टीड यांनी, वेगळा आहे हे ओळखलं हर्शल यांनी, ग्रह आहे हे मोजून दाखवलं तिसऱ्यांनी. मी तरी 'लागला' लिहीन आणि कोणी काय केलं ते पुढच्या वाक्यात उलगडीन.

दशमान :

हल्लीची अडचण तर आणखी मोठी. हिग्ज या मूलकणाच्या वस्तुमानावरच्या २०१५ च्या एका पेपरचे लेखक ५,१५४. पेपर ३३ पानांचा, त्यातली २४ पानं लेखकांच्या आणि संस्थांच्या यादीची. तिथे 'शोध लावला'चा कर्ता कुठून आणणार?

वेलांटी :

तिथे शोध नाहीच. हिग्जचा शोध २०१२ चा. २०१५ मध्ये त्यांनी वस्तुमान आधीपेक्षा नेमकं मोजलं. म्हणून 'मोजलं' लिहावं. अनुस्वार, तुमच्या लेखातही बाईंच्या नामापेक्षा क्रियापदं तपासा. 'शोध लावला' दिसलं की तिथे मोजलं, तपासलं, मांडलं, दाखवून दिलं, खोडून काढलं यांतलं काय झालं होतं ते लेखकाला विचारा. 'खोडून काढलं' असेल तर ते आवर्जून ठेवा, बातम्यांमध्ये ते जवळजवळ सापडतच नाही.