देवळात लग्न झालंय, आता नवरा म्हणतो ही बायकोच नाही. पोटगी मिळेल का?

प्रश्न: सोलापूरची आहे. मावसबहिणीचं लग्न अक्कलकोटजवळ एका देवळात झालं, घरचीच माणसं होती, रजिस्टर काही केलं नाही. आता पोटगीची केस टाकली तर नवऱ्यानं लेखी दिलंय की लग्नच झालं नाही. ती विड्या वळते, पदरात लहान पोरगी आहे, लग्नाचा फोटो एकच आणि तोही धूसर. काय करावं?

उत्तर: ताई घाबरू नका. पोटगीला (फौजदारी प्रक्रिया संहितेचं जुनं कलम 125, जुलै 2024 पासून बीएनएसएस म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 144) लग्नाचा कडक पुरावा लागत नाही, नवरा-बायको म्हणून बरीच वर्षं एकत्र राहिल्याचं दिसलं तर कोर्ट लग्न गृहीत धरू शकतं. रेशनकार्ड, पोरीचा जन्मदाखला, घरमालकाची साक्ष बघा, आणि विडी कारखान्यात पीएफला वारस म्हणून नवऱ्याचं नाव लावलं असेल तर तो कागद आधी काढा, भांडणाच्या आधीचा असल्यानं त्याला वजन असतं.

दुसरं उत्तर: त्याचं आधीचं लग्न होतं का? लपवून फसवलं असेल तर पोटगीपुरतं तिला बायकोच धरायचं असं सुप्रीम कोर्टानं 2013 मध्ये म्हटलंय. तिला माहीत होतं तर मात्र अवघड, वकिलाला खरं ते सांगा. पोरीची पोटगी वेगळी, ती लग्नावर अडत नाही.

प्रश्नकर्ती: आधीचं लग्न नाही हो. वकिलाची फी परवडत नाही.

पहिले उत्तरदाते: जिल्हा कोर्टात विधी सेवा प्राधिकरणात जा, बाईमाणसाला उत्पन्न न बघता वकील फुकट देतात. अंतरिम पोटगीचा अर्ज लगेच टाकायला सांगा, निकालापर्यंत थांबू नका.