मदत हवी आहे: टेम्पोचालकाच्या लायसन्सवर 'ट्रान्सपोर्ट' शेरा नसल्यास विमा कंपनी भरपाई नाकारू शकते का?

नमस्कार. माझा थोरला भाऊ फेब्रुवारी २०२४ मध्ये कामावरून मोटारसायकलने घरी येत असताना समोरून आलेल्या टेम्पोच्या धडकेने जागीच गेला. तो ३८ वर्षांचा होता आणि घरोघरची सुतारकामे घेत असे. मागे वहिनी, दोन शाळकरी मुले आणि आमची आई असे चौघे आहेत. दोषारोपपत्र टेम्पोचालकावर आहे, आणि मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खालील भरपाईचा दावा आम्ही मोटार अपघात न्यायाधिकरणात सहा महिन्यांची मुदत सांभाळून जुलैमध्ये दाखल केला.

टेम्पोचा विमा अपघाताच्या दिवशी चालू होता, हे कंपनीलाही मान्य आहे. मात्र चालकाकडे फक्त हलक्या वाहनाचे लायसन्स होते, त्यावर मालवाहतुकीचा शेरा नव्हता, सबब विमापत्राच्या अटींचा भंग झाला असून भरपाई मालकानेच द्यावी, असे कंपनीने कैफियतीत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात) म्हटले आहे. आरसी बुकाप्रमाणे मालासह टेम्पोचे एकूण वजन ३,००० किलोच्या आत आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ६ नोव्हेंबर २०२४ रोजी ७,५०० किलोपर्यंतच्या मालवाहू वाहनाला वेगळा शेरा लागत नाही असा निकाल दिला. त्यावर कंपनीच्या वकिलांचे म्हणणे असे की निकाल अपघातानंतरचा आहे. पण सर्वोच्च न्यायालयाच्याच मुकुंद देवांगन प्रकरणात २०१७ मध्येच हेच ठरले होते आणि घटनापीठाने ते कायम केले, मग या आक्षेपात उरते काय, हे मला खरोखर समजत नाही.

आक्षेप टिकलाच, तर स्वर्णसिंग प्रकरणातील २००४ च्या निकालाच्या आधारे 'कंपनीने आधी वारसांना रक्कम द्यावी आणि मग मालकाकडून वसूल करावी' असा आदेश पर्यायी म्हणून मागावा, असे आमचे वकील म्हणतात. मालक छोटा दूधवाला आहे आणि टेम्पोही कर्जाचाच, त्यामुळे केवळ त्याच्याविरुद्ध हुकूम झाला तर तो कागद वहिनींना घरात जपून ठेवण्यापलीकडे उपयोगाचा नाही.

दरम्यान लोकअदालतीत कंपनीने अकरा लाखांची तयारी दाखवली. हा आकडा महिना ८,००० रुपये उत्पन्न धरून आणि भविष्यातील वाढ पूर्ण वगळून काढलेला दिसतो. आमच्या हिशेबाने उत्पन्न महिना १५,००० म्हणजे वर्षाला १,८०,००० होते. सर्वोच्च न्यायालयाच्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे चाळिशीच्या आतील स्वयंरोजगारितासाठी त्यात ४० टक्के वाढ धरून २,५२,०००, चार अवलंबित असल्याने मृताच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा करून १,८९,०००, आणि सरला वर्मा निकालातील १५ चा गुणक (मृताच्या वयानुसार ठरलेला आकडा, ज्याने वार्षिक रक्कम गुणतात) लावून २८,३५,००० रुपये येतात. सहवास गमावल्याची प्रत्येकी ४८,४०० ची रक्कम, तसेच मालमत्तेची हानी (मृताच्या मागे राहिली असती त्या मिळकतीचे नुकसान) आणि अंत्यविधी यांचे प्रत्येकी १८,१५० वेगळे. म्हणजे सगळे भांडण त्या १५,००० वर येऊन थांबते.

आणि पुरावा काय, तर एक वही. प्राप्तिकराचे विवरणपत्र त्याने कधी भरले नाही. सुताराच्या जाड पेन्सिलीने एका पानावर कपाटाची मापे, पाठीमागे 'मजुरी १२,०००, पैकी ५,००० मिळाले', अशा नोंदी आहेत आणि पानांच्या शिवणीत अजून भुसा अडकलेला आहे. बँक खात्यात मात्र रोखीचे व्यवहार दिसत नाहीत. दोन गिऱ्हाईके साक्षीला यायला तयार आहेत. ज्यांचे काम सर्वांत मोठे होते, ते कोर्टाचे नाव काढल्यापासून फोन उचलत नाहीत.

अशी वही आणि दोन साक्षीदार यांच्या बळावर न्यायाधिकरणाने उत्पन्न मान्य केल्याचा कोणाला अनुभव आहे का? तिसऱ्या गिऱ्हाइकाला समन्स काढून बोलवावे का, की नाखुशीने आलेला साक्षीदार उलटतपासणीत उलटण्याची भीती जास्त? पुढच्या तारखेला वहिनींची उलटतपासणी आहे आणि त्याआधी तडजोडीला हो की नाही ते कळवायचे आहे.