प्रतिसाद: बीएमआय ३०च्या आत, म्हणून निर्धास्त?

वर एकांनी लिहिलंय की उंची १६५ सेंमी, वजन ७२ किलो, बीएमआय (किलोतलं वजन भागिले मीटरमधल्या उंचीचा वर्ग) २६.४, म्हणजे ३०च्या आत, काळजी नाही. ३० ही लठ्ठपणाची मर्यादा युरोपीय लोकांवरून ठरलेली. आपल्याकडे २३च्या पुढे जादा वजन आणि २५पासून लठ्ठपणा धरतात, कारण आपली चरबी पोटात लवकर साठते.

म्हणून पोटाचा घेर मोजाच. पँटचा नंबर सांगू नका, पट्टा पोटाखाली सरकलेला असतो. शेवटची बरगडी आणि कमरेचं हाड यांच्या बरोबर मध्ये टेप ठेवा, नेहमीसारखा श्वास सोडा, मग आकडा वाचा. पुरुषांत ९० आणि बायकांत ८० सेंमीच्या वर धोका.

आतड्यांभोवतीच्या चरबीतली मेदाम्लं थेट यकृतात उतरतात. यकृतात चरबी साठते, शरीर इन्सुलिनला दाद देईनासं होतं, मग रक्तातली साखर वाढते. दुखत काहीच नाही, एसजीपीटी ही यकृताची रक्ततपासणीही कित्येकदा नॉर्मल येते! मोठ्याने घोरणं आणि दिवसा पेंग येणं असेल तर झोपेत श्वास अडकतो का, तेही तपासून घ्या.

७२ किलोंपैकी साडेतीन-चार किलो उतरले तरी यकृतातली चरबी कमी व्हायला लागते. पण आठवड्याला दीड किलोपेक्षा जास्त घाई नको, पित्ताशयात खडे होतात.

आणि सांगलीकरांनो, साखर सोडून गूळ खाल्ल्याने काही साधत नाही, उष्मांक जवळपास तेवढेच. संध्याकाळच्या भडंगातलं तेल-शेंगदाणेही हिशेबात धरा.